कडबू फुटतात, करंज्या मऊ पडतात: दोन्हीकडे दुखणं पाण्याचं

प्रश्न थोडक्यात असा आहे. निपाणीच्या एका ताई बेंदराला, म्हणजे बैलांच्या सणाला, आणि गौरी-गणपतीत पुरण भरून तळलेले कडबू करतात, दिवाळीला करंज्या करतात. कडबू तेलात फुटतात, पुरण बाहेर येतं आणि तेल काळं पडतं. करंज्या तळल्या तळल्या खुसखुशीत असतात, पण दुसऱ्या दिवशी मऊ. सासूबाई म्हणतात मोहन कमी पडलं, शेजारच्या अक्का म्हणतात तेल नीट तापलं नव्हतं. नक्की चुकतं कुठं आणि प्रमाण काय धरायचं, असं त्यांनी विचारलंय.

ताई, सासूबाईंचंही थोडं खरं आहे आणि अक्कांचंही. पण दोन्ही तक्रारींचं मूळ एकच आहे, ते म्हणजे नको तिथं राहिलेलं पाणी. पाण्याची वाफ झाली की तिला मूळ पाण्याच्या सुमारे 1600 पट जागा लागते. पुरणात पाणी जास्त असलं की ती वाफ पारीच्या सगळ्यात कच्च्या जागेतून, म्हणजे मुरडीतून (दुमडून बंद केलेल्या कडेतून), वाट काढते. करंजीत उलट होतं. पारीतलं पाणी तळताना पूर्ण निघून गेलं नाही, तर ते आत दबून राहतं आणि रात्रभरात पारीभर पसरतं. म्हणून एकाच वेळी दोन्ही पदार्थ एकाच पिठात आणि एकाच आचेवर उरकायला गेलं की एक तरी बिघडतोच.

आधी कडबू. साधारण 25 कडबूंसाठी चणाडाळ 200 ग्रॅम, गूळ 160 ग्रॅम. पोळीच्या पुरणाला डाळीइतकाच गूळ घालतात, ते प्रमाण इथं चालत नाही. गूळ वितळला की पाणी सोडतो आणि तेलात गेल्यावर पुन्हा पातळ होतो. पोळी तव्यावर दोन मिनिटांत भाजून निघते आणि वाफ तिच्या सगळ्या अंगातून बाहेर पडते. कडबूला चारी बाजूंनी तेल, त्यामुळं आतलं पुरण उकळायला लागतं.

डाळ तीन-चार तास भिजवून, पाण्यात चमचाभर तेल आणि चिमूटभर हळद घालून शिजवा. बोटांनी दाबली की भुगा व्हावा, पण लगदा होऊ नये. गूळ डाळ शिजल्यावरच घालायचा. आधी घातला तर डाळीत कच्ची कणी राहते आणि ती कणी पुढं पारीला भोक पाडते. शिजलेली डाळ चाळणीत ओतून कट खाली गळू द्या. इथं घाई होते. वरवर निथळलेली दिसली तरी मधल्या डाळीत पाणी असतं, म्हणून चाळणी तिरकी करून निदान 20 मिनिटं ठेवायची आणि मधे एकदा हलवायची. कट आमटीला लागतोच, तो वाया जात नाही.

मग डाळ आणि गूळ जाड बुडाच्या पातेल्यात मध्यम आचेवर. पहिली पाच-सात मिनिटं सगळं पातळ होतं, घाबरू नका, वरून पीठ घालू नका. सतत हलवत राहिलं की 15 ते 20 मिनिटांत पुरण पातेल्याच्या कडा सोडतं. उलथनं मधोमध उभं केलं आणि हात सोडला तरी पडलं नाही की पोळीचं पुरण झालं. कडबूसाठी त्यापुढं अजून तीन-चार मिनिटं मंद आचेवर परतायचं. थोडं पुरण ताटलीत घेऊन गार करा, गोळी वळा. हाताला चिकटली तर अजून झालेलं नाही. गरम असतानाच पुरणयंत्रातून किंवा पाट्यावरून काढा, सुंठ आणि जायफळ घाला, आणि ताटात पसरून पूर्ण गार होऊ द्या. कोमट पुरण भरणं हे कडबू फुटण्याचं सगळ्यात मोठं कारण आहे. कोमट पुरणाची वाफ पारीच्या आतल्या बाजूला जमते, तिथली कणीक ओली होते, आणि तेलात जाण्याआधीच पारी आतून विरलेली असते. पुरण आदल्या रात्री करून ठेवलं तर उत्तम.

गुळाबद्दल एक सांगायला हवं. आपल्या भागात गुऱ्हाळं जवळ, गूळ भरपूर, पण या कामाला ओलसर नवा गूळ किंवा चिकीचा गूळ नको. जुनी, कडक, सुरीनं खरवडली की भुगा पडणारी ढेप घ्या. ढेप ओली लागली तर गूळ किसून ताटात तासभर पंख्याखाली पसरा.

पारीसाठी कणीक 200 ग्रॅम, चिरोटी रवा 50 ग्रॅम, पाव चमचा मीठ आणि तेल 25 ग्रॅम, म्हणजे सपाट पावणेदोन-दोन मोठे चमचे. तेल धूर निघण्याच्या आत, पण चांगलं कडकडीत करून पिठावर ओता, चमच्यानं मिसळा, मग हातानं चोळा. मुठीत दाबल्यावर पिठाचा मुटका होतो आणि बोटानं टिचकी मारली की फुटतो, एवढं मोहन पुरे. पाणी 115 ते 125 मिली लागेल, पण एकदम ओतू नका. पुरीच्या पिठापेक्षा थोडं घट्ट, पोळीच्या कणकेपेक्षा बरंच घट्ट, असं मळून अर्धा तास झाकून ठेवा. मोहन यापेक्षा वाढवलं तर पारी तोंडात विरघळते खरी, पण कड चिकटत नाही. सासूबाईंचा सल्ला करंजीला लागू पडेल. कडबूला मोहन वाढवून फुटणं थांबत नाही, उलट वाढतं.

पोळीला खपली गहू वापरणाऱ्या घरांत कडबूलाही तेच पीठ घेतलं जातं. खपलीची चव चांगलीच, पण तिच्या पिठाला ताण धरवत नाही, वाकवली की मुरड तडकते. घ्यायचीच असेल तर एकतृतीयांश खपली आणि बाकी साधा गहू. रव्याचंही तसंच. दुकानात बन्सी रवा आणि चिरोटी रवा शेजारी ठेवलेले असतात. उपम्याचा जाड बन्सी रवा पारीत घातला तर तो आतून फुगायला तासन्‌तास घेतो आणि लाटताना पारीला कण दिसतात. त्या कणांशीच पुढं भोकं पडतात.

आता मुरड. माझ्या मते निम्मं यश इथंच आहे, म्हणून थोडं सविस्तर. 15 ग्रॅमची लाटी घ्या, म्हणजे मोठ्या सुपारीएवढी. कोरडं पीठ न लावता, पोळपाटाला तेलाचं बोट फिरवून, 9 सेंटिमीटरची पुरी लाटा. मध्य किंचित जाड, कड पातळ. दुमडल्यावर कड दुहेरी होते आणि जाड राहिली तर कच्ची तळली जाते. 20 ग्रॅम पुरणाचा लांबट गोळा पारीच्या अर्ध्या भागात ठेवा, कडेपासून एक बोट जागा सोडून. अर्ध्या कडेवर पाण्याचं बोट फिरवायचं, आणि ते बोट ओलं नव्हे, नुसतं ओलसर हवं. पाणी जास्त झालं की कड घसरते, चिकटत नाही. पारी दुमडून आधी कड दाबू नका. अंगठ्यानं पुरणाच्या टेकडीवरून बाहेर दाबत आतली हवा एका टोकाकडं ढकला, ते टोक शेवटी बंद करा. मग कड दोन बोटांत दाबून पातळ करा. एका टोकाचा कोपरा आत दुमडा, दाबा, त्याच्याच शेजारचा भाग त्यावर दुमडा, दाबा, असं दुसऱ्या टोकापर्यंत जा. मुरड येत नसेल तर कातण्यानं कापा, तेही चालतं. पण प्लास्टिकचं बोथट कातणं पारी कापत नाही, ओढतं; पितळी घ्या. साचा वापरणाऱ्यांनी सारण कमी भरावं. साच्याच्या दातांत पुरणाचा एक कण जरी अडकला तरी तिथली कड तेलात उघडणारच.

भरलेले कडबू झाकायचं फडकं अगदी घट्ट पिळलेलं हवं, आणि ते पारीला टेकू नये. ओलं फडकं जिथं टेकतं तिथं तळताना फोड येतो. आणि सगळे भरून मग तळायला बसू नका. गूळ पारीतलं पाणी ओढतो, अर्ध्या तासात खालची बाजू ताटाला चिकटते आणि उचलताना फाटते. आठ-दहा झाले की एक घाणा काढायचा. घरात दोघी असल्या तर एकीनं भरायचं, एकीनं तळायचं.

तेल किमान दोन इंच खोल. शेंगतेल उत्तम, घाण्याचं असेल तर फेस जास्त येतो, म्हणून कढई अर्ध्यापेक्षा जास्त भरू नका. कडबूला तेल 170 ते 175 अंश सेल्सिअस. थर्मामीटर नसेल तर कणकेची मिरीएवढी गोळी टाका: तळाला टेकून लगेच वर आली पाहिजे. टाकताच वर उडून लाल झाली तर तेल जास्त तापलंय. एका घाण्यात पाच-सहाच. सोडल्यावर पहिलं अर्धं मिनिट झारा लावू नका, कड अजून मऊ असते. मग झाऱ्यानं वरून तेल उडवा, उलटा, एकूण तीन ते चार मिनिटं. इथं अक्कांचं बरोबर आहे: गार तेलात कडबू जास्त वेळ राहतो, पुरण उकळायला वेळ मिळतो, आणि तो फुटतो. दोन घाण्यांच्या मधे तेल पुन्हा तापायला मिनिटभर द्यायलाच हवं. एखादा फुटलाच तर आच कमी करून झाऱ्यानं लगेच बाहेर काढा आणि जाळीच्या झाऱ्यानं तेल निवळून घ्या. तेलात राहिलेला गूळ जळतो आणि पुढच्या प्रत्येक कडबूला काळे डाग लावतो.

तळणीचे मोदक हेच पीठ आणि याच तेलात होतात. फक्त शेंडा बंद करताना तिथं कणकेचा गोळा साठतो, तो चिमटीनं तोडून टाका, नाहीतर शेंडा कच्चा राहतो. नागपंचमीला तळण वर्ज्य असणाऱ्या घरांत पुरण भरून दिंड उकडतात, तिथं फुटण्याची भीती नाही, कारण वाफेचं तापमान 100 अंशांच्या वर जात नाही.

आता करंजी. इथं सगळं उलटं धरायचं: मोहन जास्त, आच मंद, वेळ दीडपट ते दुप्पट. 25 करंज्यांसाठी चिरोटी रवा 250 ग्रॅम, मैदा 50 ग्रॅम, तूप 45 ग्रॅम कडकडीत करून, चिमूटभर मीठ, आणि दूध-पाणी निम्मं-निम्मं मिळून साधारण 130 मिली. ज्यांना दहा-बारा दिवस टिकवायच्या आहेत त्यांनी नुसतं पाणी घ्यावं. पीठ घट्ट मळून दोन तास ठेवा, मग खलबत्त्यात किंवा वरवंट्यानं कुटून मऊ करा. हे कुटणं हल्ली मिक्सरवर ढकललं जातं. चालतं, पण मिक्सरमध्ये पीठ गरम होऊन तूप सुटतं, म्हणून थोडं थोडं घालून दोन-तीन झटकेच द्या. पीठ मऊ करायला पाणी शिंपडू नका. करंजीवर बारीक फोड येतात ते याच पाण्याचे.

सारण: सुक्या खोबऱ्याचा कीस 150 ग्रॅम, पिठीसाखर 150 ग्रॅम, बारीक रवा 50 ग्रॅम चमचाभर तुपावर तांबूस भाजून, खसखस दोन चमचे, आठ-दहा वेलदोडे, थोडं जायफळ. खोबरं मंद आचेवर, रंग बदलायच्या आत पण हाताला कुरकुरीत लागेपर्यंत भाजा. साखर सगळं गार झाल्यावरच. गरम खोबऱ्यात पिठीसाखर घातली की ती ओली होऊन गाठी धरते, आणि ती ओल पारीत जाते. आपल्याकडच्या कन्नड घरांत करजिकाईला, म्हणजे त्यांच्या करंजीला, शेंगदाणे, तीळ, पुटाणी (डाळं) आणि गूळ असं सारण असतं, तेही मला खोबऱ्याइतकंच आवडतं. 200 ग्रॅम शेंगदाणे खमंग भाजून सोलून, भाजलेले तीळ 50 ग्रॅम, पुटाणीचं पीठ 50 ग्रॅम, किसलेला कडक गूळ 150 ग्रॅम आणि सुंठ. शेंगदाणे मिक्सरमध्ये थांबत थांबत जाडसर फिरवा. एकदम फिरवले तर तेल सुटून लाडवाचं सारण होतं. पुटाणीचं पीठ सुटलेलं तेलही धरतं आणि गुळाची ओलही, म्हणून ते वगळू नका.

करंजी हलवली की खुळखुळा वाजतो, ही आणखी एक नेहमीची तक्रार. सारण कोरडं आणि भुसभुशीत असलं की पारी फुगते आणि ते तळाला बसतं. दूध शिंपडून सारण ओलसर करायचा सल्ला बरेच देतात. दोन दिवसांत संपवायच्या असतील तर ठीक, एरवी नको. दुधाऐवजी चमचाभर पातळ तूप चोळा आणि सारण भरताना मुठीत दाबून भरा.

पदर सुटलेली साट्याची करंजी हवी असेल तर तूप 50 ग्रॅम हातानं पांढरं होईपर्यंत फेसून त्यात तांदळाची पिठी 40 ते 45 ग्रॅम घाला. साटा बोटावरून गळू नये. तीन पातळ पोळ्या साटा लावून एकावर एक ठेवा, घट्ट वळकटी करा, दोन सेंटिमीटरचे तुकडे कापा, आणि कापलेली बाजू वर ठेवून मधून कडेकडं हलक्या हातानं लाटा. लाटणं जोरात फिरवलं की पदर एकमेकांत मिसळतात. पदरांची बाजू बाहेर राहील असं भरा. उन्हाळ्यात साटा वितळतो, तेव्हा तुकडे दहा मिनिटं फ्रिजमध्ये ठेवून मग लाटावेत.

करंजीला तेल 150 ते 160 अंश, साट्याच्या करंजीला 140 ते 150. कणकेची गोळी तळाला जाऊन चार-पाच सेकंदांनी सावकाश वर यावी. पहिली दोन मिनिटं बुडबुडे जोरात येतात, ते पाण्याचे. बुडबुडे जवळजवळ थांबले की पारी कोरडी झाली. रंग पाहून काढू नका, बुडबुडे पाहून काढा. साधी करंजी पाच-सहा मिनिटं, साट्याची सात-आठ. तुमच्या करंज्या दुसऱ्या दिवशी मऊ पडतात त्याचं कारण बहुधा हेच: कडबूच्याच तेलात, त्याच आचेवर, गुलाबी रंग आला की काढल्या जातात. वरून खरपूस, आत ओल.

काढल्यावर कागदावर आडव्या टाकू नका. कागद तेल शोषतो, पण खाली वाफ अडते आणि ती बाजू नरम पडते. चाळणीत कडेवर उभ्या ठेवा, एकमेकींवर रचू नका, आणि डबा तीन-चार तासांनीच, आतून पूर्ण गार झाल्यावर बंद करा. खानापूर-जांबोटीकडची पावसाळी हवा आणि अथणी-रायबागची कोरडी हवा यांत फरक पडतोच. खानापुरात गौरी-गणपतीच्या दिवसांत पिठाला पाणी एखादा चमचा कमी लागतं आणि करंजी चार-पाच दिवसांच्या वर कुरकुरीत राहत नाही. दिवाळीत तीच दहा-बारा दिवस टिकते. कडबू मात्र त्याच दिवशी, तूप घालून. पुरण उबदार हवेत दुसऱ्या दिवशीच आंबायला लागतं, उरलेले फ्रिजमध्ये ठेवा.

बेळगावात असताना कुंदा, म्हणजे तिथली दुधाची मिठाई, भरून करंजी करून पाहावी असं कुणालाही वाटेल, आणि ती होते. पण दुकानातला कुंदा आहे तसा भरू नका. तो मऊ आणि ओला असतो. 200 ग्रॅम कुंदा तव्यावर मंद आचेवर पाच-सहा मिनिटं कोरडा करा, त्यात भाजलेला बारीक रवा किंवा पुटाणीचं पीठ दोन मोठे चमचे मिसळा, गार करून 12 ग्रॅमच्या गोळ्या वळा. पारी कडबूची घ्या, करंजीची नाही, कारण आत दूध आहे आणि जास्त वेळ तळता येत नाही. 170 अंशांवर अडीच-तीन मिनिटं पुरे. गळती झाली तर दूध आणि साखर दोन्ही जळतात आणि तेल लगेच कडवट होतं. दोन दिवसांत संपवा.

बाजारची समोसा पट्टी गोड सारणाला चालते, पण तिला मोहन नसतं, त्यामुळं गार झाली की चामट लागते. घाईच्या दिवशी, लगेच वाढायचं असेल तरच.

तळून झालेलं तेल गार झाल्यावर फडक्यातून गाळून घ्या. साखर-गुळाचे कण नसतील तर भाजीला, फोडणीला वापरता येतं, पण पुन्हा तळणीला घेऊ नका. आणि सध्या डब्यात मऊ पडलेल्या करंज्या असतील तर टाकू नका. ओव्हन किंवा एअर फ्रायर 150 अंशांवर ठेवून चार-पाच मिनिटं तापवा, नाहीतर जाड तव्यावर अगदी मंद आचेवर दोन्ही बाजू सावकाश फिरवा, आणि पूर्ण गार झाल्यावर पुन्हा डब्यात भरा. गरम असताना त्या मऊच लागतील, कुरकुरीतपणा गार झाल्यावर येतो.